शूफमधली खानदेशी मांड्यांची चुलत बहीण

लेबनॉनच्या शूफ भागातल्या देर अल कमर गावच्या मशिदीचा अष्टकोनी मिनार (१४९३ सालचा!) मागे टाकला की उतारावर ही बेकरी. बेकरी कसली, दोन टेबलं आणि उपड्या कढईसारखा तवा, म्हणजे साज. त्यावरची पातळ मरकूक रोटी पाहून खापरावर मांडे टाकणारी माझी खानदेशी आजी आठवली. झातर (थाइम-तिळाचा मसाला) घातलेली मनाकीश रोटी पैकीच्या पैकी. ईस्टरआधीच्या उपवासामुळे मॅरोनाइट ख्रिश्चन बायका चीज नको म्हणत होत्या. शेजारी पांढरी ओढणी घेतलेल्या द्रूझ पंथाच्या आजी माते (पानांचा चहा) पीत त्यांच्याशीच गप्पा मारत बसलेल्या. तो प्यायची एकच नळी सगळ्यांत फिरते. मलाही घोट मिळाला. कडूजहर! एक तारा कापला तो कॉफीसाठी, निम्मा कप गाळ. आणि रोख न्या, कार्ड घेत नाहीत.