आर्काइव्ह रिसर्चर घेतल्या त्याचा अनुभव (५ पैकी ४)

आमच्या डॉक्युमेंटरीसाठी पहिल्यांदाच फ्रीलान्स आर्काइव्ह रिसर्चर, म्हणजे जुनं फुटेज आणि त्याचे मालक शोधून राइट्सचं बघणाऱ्या बाई, घेतल्या. आत्तापर्यंत मीच एडिट करता करता यूट्यूबवरून क्लिप उतरवून टाइमलाइनवर टाकायचो आणि राइट्सचं नंतर बघू म्हणायचो. त्यांनी पहिल्याच आठवड्यात प्रत्येक क्लिपची शीट बनवली, टाइमकोड काय, मूळ मालक कोण, आपल्याकडची कॉपी कुठून आली, आणि अर्ध्याहून जास्त क्लिप अशा निघाल्या की अपलोड करणाऱ्याचा त्या फुटेजशी काडीचा संबंध नव्हता.

एका क्लिपसाठी तर फुटेज लायब्ररीचं कोटेशन पण आलं होतं. त्यांनी शेवटचं टायटल कार्ड थांबवून बघितलं आणि म्हणाल्या, थांबा, ही अमेरिकेच्या सरकारी खात्याने बनवलेली फिल्म आहे, अशा फिल्म तिथे पब्लिक डोमेनमध्ये, म्हणजे कॉपीराइटशिवाय खुल्या असतात, आपण त्यांच्या नॅशनल आर्काइव्ह्जमध्ये शोधू. सापडली, आणि स्कॅन पण जास्त स्वच्छ! फक्त मागचं संगीत वेगळ्या मालकाचं असू शकतं म्हणून ते म्यूट करायला लावलं. हे मला आयुष्यात सुचलं नसतं.

दुसरं म्हणजे १९२०च्या आसपासचा मूकपटाच्या काळातला एक शॉट, त्यात सगळी माणसं तुरुतुरु पळत होती. मला वाटायचं जुनं फुटेज असंच दिसतं. तर ते सेकंदाला साधारण १६-१८ फ्रेमने शूट झालेलं आणि कुणीतरी तसंच २५ ला ट्रान्सफर केलेलं. त्यांनी फ्रेम टू फ्रेम स्कॅन मागवला, आम्ही स्पीड नीट केला, आणि त्या गर्दीतली एक बाई कडेवरच्या पोराचं टोपडं सरळ करते ते मला तेव्हा पहिल्यांदा दिसलं. तो शॉट मी महिनाभर रोज बघत होतो हो.

एक स्टार का कापला ते पण सांगतो. एका लायब्ररीकडून मास्टर, म्हणजे फिल्ममध्ये वापरायची फायनल कॉपी, यायला उशीर झाला आणि आला तो इंटरलेस्ड (एकाआड एक ओळींनी चित्र नोंदवणाऱ्या) व्हिडिओ टेपवरून ताणून मोठा केलेला, हात हलला की कडेला कंगव्यासारखे दाते. चूक लायब्ररीचीच, पण आधी नुसती बघायला मिळते त्या कॉपीवर, म्हणजे स्क्रीनरवर, वॉटरमार्क आणि टाइमकोड असतो, त्यातून क्वालिटी कळत नाही, तेव्हा मास्टर कशावरून येणार हे ऑर्डर देतानाच लेखी घ्यायला हवं होतं ना. त्यात ऑनलाइनचं, म्हणजे शेवटच्या फायनल एडिटचं, शेड्यूल बिघडलं.

लायसन्सचं मात्र त्यांनी चोख केलं, कुठले देश, किती वर्षं, टीव्ही की स्ट्रीमिंग की फेस्टिव्हल, सगळं क्लिपवार. आधी मी फक्त फेस्टिव्हलचे राइट्स घेणार होतो, त्यांनी पुढच्या राइट्सचा रेट आत्ताच ठरवून घ्यायला लावला, आणि आता चॅनलशी बोलणं चालू आहे तर तोच कागद कामाला येतोय. पुढच्या फिल्मला त्यांना स्क्रिप्ट चालू असतानाच बोलावलंय.