चित्रपट थिएटरात पोचवणारी डिजिटल सेवा: काम चोख, आकारणी उलटी

मराठी चित्रपटाच्या अंदाजपत्रकात ‘प्रिंट आणि पब्लिसिटी’ हा रकाना अजून त्याच नावाने लिहिला जातो. प्रिंट जाऊन जमाना झाला. तिची जागा सर्व्हर कंपन्यांच्या सेवेने घेतली: चित्रपटाचं डिजिटल पॅकेज बनवणं, ते उपग्रहाने किंवा हार्डडिस्कने थिएटरात पोचवणं आणि ठरल्या दिवसांपुरतं ते उघडू देणं. यूएफओ आणि क्यूब ही यातली दोन ठळक नावं, दोघांची व्यापारी सुरुवात २००५ च्या आगेमागे. शे-दीडशे पडदे, बहुतेक ठिकाणी दिवसाला एखाद-दुसरा खेळ, अशा बेताच्या मराठी चित्रपटाच्या निर्मात्याला ही सेवा कशी पडते, एवढंच इथे पाहू.

आधी जे चांगलं आहे ते. ३५ मिमीची फिल्म मिनिटाला ९० फूट पळायची. अडीच तासांच्या चित्रपटाची एक प्रिंट म्हणजे १३,५०० फूट, दोन हजार फुटी सात रिळं. मराठी निर्माता मोजक्याच प्रिंट काढायचा. त्या आधी शहरांत झिजायच्या आणि तालुक्याला पोचेपर्यंत पडद्यावर ओरखड्यांचा पाऊस पडत असायचा. आज दादरचा आणि तालुक्याचा पहिला खेळ एकाच शुक्रवारी लागतो आणि पन्नासाव्या खेळाला चित्र पहिल्या खेळाइतकंच स्वच्छ असतं. याबाबतीत सेवेला नावं ठेवायला जागा नाही.

सेवेचे दोन दर्जे आहेत आणि करारात कोणतं थिएटर कुठल्या दर्जाचं हे लिहून घ्यायलाच हवं. पहिला डीसीआय, म्हणजे हॉलिवूडच्या स्टुडिओंनी ठरवलेल्या मानकाचा: दोन किंवा चार के (आडव्या ओळीत सुमारे दोन किंवा चार हजार ठिपके) प्रोजेक्टर, जेपेग २००० पद्धतीने दाबलेलं चित्र, सेकंदाला जास्तीत जास्त २५० मेगाबिट. दुसरा ई-सिनेमा: चित्र जास्त दाबलेलं, प्रोजेक्टर साधा, खर्च कमी. एकपडदा थिएटरांत आणि तालुक्यांत हाच जास्त. अंधारात घडणारे प्रसंग भरपूर असतील, तर रंग ठरवताना ई-सिनेमाची प्रत वेगळी लावून पाहावी. कलरिस्टच्या खोलीत काळ्या सावलीत दिसणारा चेहरा जुन्या दिव्याच्या प्रोजेक्टरवर नुसता काळा डाग होतो.

आता पॅकेज. याला डीसीपी म्हणतात. मास्टरिंगच्या टेबलावर जे चुकतं ते नंतर दीडशे ठिकाणी एकदम चुकतं, म्हणून इथे घाई नको. फ्लॅट (कमी रुंद चौकटीचा) चित्रपट १९९८ बाय १०८० ठिपके, स्कोप (जास्त रुंद) २०४८ बाय ८५८, सेकंदाला २४ फ्रेम. ध्वनी २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ, ५.१ असेल तर सहा वेगळे ट्रॅक. संकलन २५ फ्रेमवर झालं असेल तर आवाजाचा वेग आणि चित्राचा वेग एकाच ठिकाणी, एकाच हाताने बदलून घ्या. चित्र इथे आणि ध्वनी तिथे असं केलं की शेवटच्या रिळापर्यंत (पॅकेजमधल्या भागांनाही रीळच म्हणतात) ओठ पुढे आणि शब्द मागे. पॅकेजच्या नावातच चित्रपट फ्लॅट की स्कोप, भाषा कोणती, उपशीर्षकं कोणती हे सांकेतिक अक्षरांत लिहिलेलं असतं. ऑपरेटर ते नाव वाचूनच लेन्सचा प्रीसेट निवडतो. फ्लॅटच्या जागी स्कोपचं अक्षर पडलं, तर पहिल्या खेळाला डोकी कापली जातात आणि शिव्या छायालेखकाला बसतात.

सेन्सॉर प्रमाणपत्र सुरुवातीला दहा सेकंद दिसायला हवं. सिगारेट-तंबाखूची दृश्यं असतील तर आरोग्याच्या सूचनाही आधीच बसवायच्या, सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर. बऱ्याच निर्मात्यांचं प्रमाणपत्र प्रदर्शनाच्या चार-आठ दिवस आधी हातात येतं. तोवर सगळं पॅकेज अडवून ठेवायची गरज नसते: मूळ पॅकेज आधी पाठवायचं आणि प्रमाणपत्राचं छोटं रीळ ‘व्हर्जन फाइल’ म्हणून मागाहून जोडायचं. ही सोय मागितल्याशिवाय कोणी सांगत नाही. मध्यंतर बरोबर रिळाच्या सांध्यावर पाडावं, नाहीतर ऑपरेटर अंदाजाने थांबवतो आणि अर्धं वाक्य समोशानंतर ऐकू येतं.

उपशीर्षकांबाबत एक मराठी अडचण आहे. परभाषेतले संवाद देवनागरीत दाखवायचे असतील तर वेगळी मजकूर-फाइल देऊ नये. सगळ्या सर्व्हरना जोडाक्षरं नीट मांडता येतात असं नाही. ‘प्रश्न’चे तुकडे होतात, वेलांटी भलत्या अक्षराला चिकटते. मजकूर चित्रावरच छापून टाकावा किंवा प्रत्येक ओळीची प्रतिमा द्यावी. इंग्रजी उपशीर्षकांना ही धास्ती नाही.

चावीचा भाग सगळ्यात नाजूक. पॅकेज कुलूपबंद येतं आणि प्रत्येक सर्व्हरसाठी वेगळी चावी निघते, तिला केडीएम म्हणतात. फाइल काही किलोबाइटची, ईमेलने जाते. ती त्या एका यंत्राच्या डिजिटल ओळखपत्राशी बांधलेली असते आणि ठरावीक वेळेतच चालते. चुका ठरलेल्याच. थिएटरने सर्व्हरमधला मीडिया ब्लॉक (कुलूप उघडून चित्र उलगडणारा भाग) बदलला आणि कळवलं नाही, तर जुनी चावी त्या दाराला लागत नाही. एका पडद्याची चावी काढली आणि ऐनवेळी व्यवस्थापकाने खेळ शेजारच्या पडद्यावर नेला, तर तिथेही बंद. वेळ भरताना भारतीय वेळेऐवजी जागतिक वेळ पडली, तर रात्री बाराची चावी पहाटे साडेपाचला उघडते. शुक्रवारी सकाळी कोणाला पत्ताही लागत नाही, गुरुवारी रात्रीचा प्रीमियर मात्र अडकतो. म्हणून चावी बुधवारपर्यंत थिएटरात पोचलेली असावी आणि ऑपरेटरने ती सर्व्हरवर चढवून ‘हिरवं’ दिसल्याचा फोटो पाठवावा. ‘मेल आला’ एवढं उत्तर पुरेसं नाही. परदेशातल्या महाराष्ट्र मंडळांच्या एकेका खेळालाही हेच लागू: हॉल ठरवताना पडद्याच्या सर्व्हरचा क्रमांक आधी मागून घ्या, हॉलचं नाव चावीच्या उपयोगाचं नाही.

उपग्रहाने येणाऱ्या प्रतीला पावसाळ्यात जास्त दिवस धरावेत. जून-जुलैत सिग्नल तुटत राहतो, फाइल तुकड्यातुकड्याने भरते. अशा वेळी शेवटच्या क्षणी दोन मिनिटं कापायचा मोह दिग्दर्शकाला होतो आणि जुनी प्रत काही ठिकाणी, नवी काही ठिकाणी, असा घोळ होतो. शिवाय सेन्सॉरने पाहिलेल्या लांबीत बदल केला की मंडळाला कळवून त्याची नोंद घ्यावीच लागते.

ध्वनीचा दोष सेवेचा नसतो, तरी तो तिच्याच पदरात पडतो. मिक्सिंग फेडर (आवाजाची पातळी ठरवणारं बटण) ७ वर ठेवून होतं. जाहिराती कर्कश असतात म्हणून थिएटरात फेडर ५ वर, कधी त्याहून खाली असतो. मारामारीच्या चित्रपटाला ते चालून जातं; कुजबुजत्या संवादांवर उभा असलेला मराठी चित्रपट मात्र मागच्या रांगेला ऐकूच येत नाही. केडीएमच्या मेलमध्येच फेडरची विनंती लिहावी.

आता आकारणी, म्हणजे व्हर्च्युअल प्रिंट फी. यंत्रं कंपन्यांनी बसवली, प्रिंटचा खर्च निर्मात्याचा वाचला, तेव्हा वाचलेल्या पैशातून यंत्रांची किंमत फेडायची, हा मूळ हिशेब. पाश्चात्त्य देशांत ही फी ठरावीक वर्षांनी संपेल अशा करारांवर आली आणि बहुतांशी संपली. आपल्याकडे ती चालूच आहे. याच मुद्द्यावर तामिळ निर्मात्यांनी १ मार्च २०१८ पासून नवे चित्रपट लावणं बंद केलं आणि ते एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत ताणून धरलं. त्यांचं दुसरं गाऱ्हाणं असं की, चित्रपटामुळे जमलेल्या प्रेक्षकांना जाहिराती दाखवून पैसे कंपनी आणि थिएटर कमावतात, निर्मात्याला त्यातला छदामही मिळत नाही. तक्रार रास्त आहे.

फी खेळागणिक किंवा आठवड्याच्या ठोक दराने लागते. फरक किती पडतो ते आकड्यांनी पाहू. दर उदाहरणापुरते धरले आहेत. तिकीट १५० रुपये. १८ टक्के जीएसटी वजा जाता १२७ रुपये १२ पैसे. मल्टिप्लेक्समध्ये निर्माते-वितरकांच्या २००९ च्या संपानंतर ठरलेली वाटणी पहिल्या आठवड्याला ५० टक्के, मग ४२.५, ३७.५ आणि ३०. म्हणजे पहिल्या आठवड्यात तिकिटामागे निर्मात्याचे ६३ रुपये ५६ पैसे. खेळाला ४०० रुपये फी असेल तर पहिली सात तिकिटं सर्व्हर कंपनीची. ठोक दर आठवड्याला ८,००० असेल आणि रोज एकच खेळ असेल, तर खेळामागे १,१४३ रुपये, म्हणजे अठरा तिकिटं. तोच दर दुसऱ्या आठवड्यात राहिला तर बावीस. मंगळवारी दुपारी साडेबाराच्या खेळाला पंचवीस माणसं आली, तर त्यांतल्या तिघांचेच पैसे निर्मात्याचे. दिवसाला पाच खेळ लागणाऱ्या हिंदी चित्रपटाला हाच ठोक दर खेळामागे २२९ रुपये पडतो. ज्याच्याकडे खेळ कमी त्याला फी जास्त, अशी ही उलटी तऱ्हा.

म्हणून एक-दोन खेळांच्या पडद्यांसाठी ठोक दर घेऊच नये, खेळागणिक दरावर अडून बसावं. ‘तीनशे पडद्यांवर प्रदर्शित’ हे पोस्टरवर छान दिसतं, बिलावर नाही. नव्वद पडदे नीट निवडून घेतलेले बरे. आणखी एक चटका: फी आगाऊ भरावी लागते, थिएटरकडून निर्मात्याचा शेअर मात्र आठवड्यांनी येतो. फीवरच्या १८ टक्के जीएसटीची वजावट शेअरवरच्या जीएसटीतून मिळते खरी, पण चित्रपट पडला तर वजावट घ्यायला समोर करच उरत नाही आणि ती रक्कम खात्यावर अडकून बसते.

कराच्या बाजूने थोडा दिलासा आहे. २२ सप्टेंबर २०२५ पासून शंभर रुपयांपर्यंतच्या तिकिटावर जीएसटी १२ वरून ५ टक्के झाला. शंभराच्या तिकिटात निर्मात्याचा अर्धा वाटा ४४.६४ वरून ४७.६२ वर गेला. अर्थात जीएसटीपूर्वी मराठी चित्रपटाला राज्याचा करमणूक कर माफ होता, आणि मुंबईत हिंदी तिकिटावर तो ४५ टक्के होता. ती आघाडी २०१७ मध्ये गेली ती गेलीच.

दुसऱ्या कोणाकडून पॅकेज बनवून घेण्याचं स्वातंत्र्य हा वादाचा विषय होता. थिएटरांशी केलेल्या भाडेकरारांतल्या अटींमुळे बाहेरच्या स्टुडिओंची वाट अडते, या कारणावरून स्पर्धा आयोगाने एप्रिल २०२५ मध्ये यूएफओ (तिच्या उपकंपनीसह) आणि क्यूब यांना मिळून सुमारे २ कोटी ७० लाखांचा दंड केला. निर्मात्याने निदान मास्टरिंगचं दरपत्रक तीन ठिकाणांहून मागवावं आणि कुलूप नसलेली मूळ प्रत स्वतःकडे ठेवावी, दोन वेगळ्या डिस्कवर.

माणसांचं काय झालं? निगेटिव्ह कटर, लॅबमधला ग्रेडर, रिळं तपासणारा, पेट्या घेऊन एसटीने जाणारा माणूस, ही कामं संपली. दोन प्रोजेक्टरांवर रिळांचा सांधा डोळ्यांत तेल घालून जुळवणारा ऑपरेटर आता पाच पडद्यांची प्लेलिस्ट लावतो, तीही बऱ्याचदा कार्यालयातून. त्याची पगारवाढ मात्र पडद्यांच्या पटीत झालेली नाही. नवी कामं आली ती मास्टरिंग तंत्रज्ञाची, गुरुवारी रात्रभर जागणाऱ्या केडीएम डेस्कची आणि फील्ड इंजिनिअरची. एका इंजिनिअरकडे दोन-तीन जिल्हे असतील, तर शुक्रवारी सकाळी नऊला बिघडलेला सर्व्हर दुपारच्या खेळाला तरी सुरू होईल का, हे तो त्या वेळी कुठे आहे यावर ठरतं. करारापूर्वी विचारायचा प्रश्न तो हाच: तुमचा माणूस माझ्या थिएटरांपासून किती तासांवर?

एक माणूस टिकला, आणि टिकायलाच हवा: थिएटरवर बसणारा निर्माता-वितरकाचा रिप्रेझेंटेटिव्ह. सर्व्हरच्या नोंदीतून किती वाजता खेळ झाला ते कळतं, चोरून चित्रण झालं तर चित्रातल्या अदृश्य खुणेवरून पडदा आणि वेळही सापडते. किती खुर्च्या भरल्या हे सर्व्हरला माहीत नसतं. संगणकीय तिकीट नसलेल्या एकपडद्यात डीसीआरवरचा (रोजच्या गल्ल्याच्या तक्त्यावरचा) आकडा आणि खुर्च्या यांचा मेळ अजून डोळ्यांनीच घालावा लागतो. शिवाय राज्याचे व्यापारी तुकडेही जुनेच आहेत: मुंबई सर्किट, विदर्भासाठी सीपी-बेरार, मराठवाड्यासाठी निझाम. उपग्रहाला या सीमा दिसत नाहीत, वितरकाच्या कमिशनला दिसतात. सर्व्हर कंपनीचं बिल एक आलं तरी त्याची विभागणी सर्किटवार मागावी, नाहीतर विदर्भातल्या न झालेल्या खेळांची फी मुंबईच्या शेअरमधून वळती होते आणि महिन्याभराने ती शोधणं अवघड जातं.

गुण द्यायचे तर पोचवणी आणि चित्र यांना दहापैकी नऊ, चावी डेस्कला सात, आकारणीला तीन. तीनातलाही एक गुण खेळागणिक दर मिळू शकतो म्हणून. तो दरपत्रकाच्या पहिल्या पानावर नसतो, मागावा लागतो. रद्द झालेल्या खेळाची फी परत की पुढच्या आठवड्यात वळती, हे त्याच बैठकीत लिहून घ्या.