रॉक-अँड-सॉक की टू-मॅन पॉवर ट्रिप?

जुनी डब्ल्यूडब्ल्यूएफ (आजच्या डब्ल्यूडब्ल्यूईची कुस्ती) बघायला एकच संध्याकाळ आहे, कुठली जोडी घेऊ, असं एका मित्रानं विचारलं. रॉक-अँड-सॉक म्हणजे द रॉक आणि मॅनकाइंड, टू-मॅन पॉवर ट्रिप म्हणजे स्टीव्ह ऑस्टिन आणि ट्रिपल एच ही खलनायक जोडी. दोन्ही अल्पायुषी.

वेळ: द रॉक आणि मॅनकाइंड ऑगस्ट १९९९ मध्ये एकत्र आले आणि त्याच वर्षात तीनदा टॅग (जोड्यांच्या) स्पर्धेचे विजेते झाले. विजेतेपदाचा पट्टा सारखा हातातून निसटायचा, त्यामुळे सलग बघणं कटकटीचं. ऑस्टिन-ट्रिपल एचची गोष्ट आटोपशीर: २९ एप्रिल २००१ ला अंडरटेकर-केनकडून पट्टे घेतले, २१ मेला गमावले.

कुस्ती: इथे पॉवर ट्रिपच. जेरिको-बेन्वा जोडीविरुद्धचा २१ मेचा शेवटचा सामना अफलातून आहे. त्यातच ट्रिपल एचच्या मांडीचा स्नायू फाटला, तरी गडी लढत राहिला. जोडी तिथेच संपली.

करमणूक: रॉक-अँड-सॉकला तोड नाही. २७ सप्टेंबर १९९९ च्या 'रॉ' या टीव्ही कार्यक्रमात मॅनकाइंड रॉकच्या जुन्या शिक्षकांना, मैत्रिणीला रिंगमध्ये आणतो आणि रॉक एकेकाची बिनपाण्यानं करतो. कुस्ती शून्य, पण हसून मुरकुंडी वळते.

घरच्यांसोबत बघणार असशील तर रॉक-अँड-सॉक. खलनायक आणि खरी झुंज आवडत असेल, तर २१ मेचा तो एक सामना पुरे.