बाथरूमच्या एक्झॉस्टला पत्र्याचा पाइप : दहा महिन्यांनंतर

कोथरूडमधल्या आमच्या फ्लॅटच्या बाथरूमला बाहेरची भिंत नाही. एक्झॉस्टची हवा फॉल्स सीलिंगमधून तीनेक मीटर नेऊन ड्राय बाल्कनीच्या भिंतीतून बाहेर काढावी लागते. नूतनीकरणाच्या वेळी कॉन्ट्रॅक्टरने अ‍ॅल्युमिनियम फॉइलचा, अकॉर्डियनसारखा ताणला जाणारा पाइप टाकला होता. गेल्या जुलैत पीओपीवर पिवळा डाग उमटला. सीलिंग उघडलं तर पाइप मधोमध झोळीसारखा लोंबलेला, आणि झोळीत पेलाभर पाणी! वाफ पाइपात निवते, तिचं पाणी होतं आणि सखल जागा दिसली की तिथे साचतं. वळ्यांमुळे हवाही अडते. फॅन जोरात फिरायचा, पण जाळीवर टिश्यू धरला तर चिकटत नव्हता.

ऑगस्टमध्ये पाइप बदलला. पीव्हीसी स्वस्त, गंजत नाही, आतून गुळगुळीत. नुसत्या वाफेसाठी त्याला मी नावं ठेवणार नाही. पण तो 80 अंशांच्या आसपास मऊ पडतो आणि जळला तर घातक धूर सोडतो. आमच्या सीलिंगमध्ये मोटर आणि वायरिंग शेजारी शेजारी आहेत, म्हणून जीआयचा, म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडी पत्र्याचा, गोल पाइप घेतला. प्लंबर 4 इंचीच घ्या म्हणत होता. फॅनचं तोंड 6 इंची, मग पाइपही 6 इंचीच हवा, यावर मी अडून बसले. बाहेरच्या बाजूला उतार दिला. सांध्यात फॅनकडचा तुकडा पुढच्या तुकड्याच्या आत बसवला, म्हणजे ओघळ सांध्यातून गळत नाही. वरून अ‍ॅल्युमिनियम टेप. कापडी टेप सुकून सुटते, ती घेऊ नका.

सगळ्यात महत्त्वाचं गॅस गिझरचं. आमचा बाथरूममध्येच होता. दार-खिडकी बंद असताना फॅन हवा ओढू लागला की गिझरचा जळका वायू उलटा खोलीत येऊ शकतो, आणि त्यातल्या कार्बन मोनॉक्साइडला ना रंग ना वास. पाइपाच्या कामाबरोबरच गिझर ड्राय बाल्कनीत हलवला. गिझरची चिमणी फॅनच्या पाइपाला जोडून देतो म्हणणाऱ्याला सरळ नाही म्हणा.

आता आंघोळीनंतर आरसा लवकर साफ होतो, टिश्यू जाळीला घट्ट चिकटतो, डाग परत आला नाही. आवाज मात्र थोडा वाढलाय, आणि कापलेल्या एका कडेला गंज दिसला, तिथे झिंकचा रंग मारला. बाहेरच्या झडपेवर कबुतरं बसायला लागली, म्हणून जाळी लावली. तिच्यावर धूळ धरते, महिन्यातून एकदा ब्रश फिरवावा लागतो.

आईच्या बाथरूममधला फॉइल पाइप अजून तसाच आहे. पाऊस सुरू व्हायच्या आत तो उतरवणार आहोत.