‘पूर्वलक्षी’, ‘भूतलक्षी’, ‘कार्योत्तर’ की ‘मानीव’? मागील तारखेपासून लागू होणाऱ्या गोष्टींसाठी शब्दांची निवड

आदेश आज निघतो, पण त्याचा परिणाम गेल्या वर्षीच्या किंवा पन्नास वर्षांपूर्वीच्या तारखेपासून मोजला जातो. असा आदेश मराठीत लिहिणारा कक्ष अधिकारी, निकालपत्राचा अनुवादक, वृत्तपत्राचा उपसंपादक आणि गृहनिर्माण संस्थेचा सचिव या सगळ्यांपुढे एकच प्रश्न येतो: ‘पूर्वलक्षी’ लिहावे, ‘भूतलक्षी’ लिहावे, ‘कार्योत्तर’ किंवा ‘मानीव’ म्हणावे, की ‘अमुक तारखेपासून’ एवढेच लिहून मोकळे व्हावे? हे सगळे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरले जातात. त्यांपैकी पहिले दोन खरोखरच एकमेकांचे पर्याय आहेत. उरलेल्यांची अदलाबदल झाली, तर मात्र थकबाकी, ज्येष्ठता, दंड किंवा वारसाहक्क यांचा हिशेबच बदलतो.

‘पूर्वलक्षी’ आणि ‘भूतलक्षी’

या जोडीवर फार वेळ घालवण्याचे कारण नाही. दोन्हींचा अर्थ ‘ज्याचा रोख मागच्या काळाकडे आहे असा’ हाच आहे आणि दोन्ही ‘प्रभाव’ या नामाला लागून येतात. हिंदीच्या विधी परिभाषेत ‘भूतलक्षी’ रुळला आहे आणि मराठीतील कायदेविषयक लिखाणातही तो भेटतो. शासन निर्णयांत आणि वृत्तपत्रांत मात्र ‘पूर्वलक्षी प्रभावाने’ हाच प्रयोग अंगवळणी पडलेला आहे. ‘भूतलक्षी’च्या बाजूने एवढे म्हणता येईल की ‘भविष्यलक्षी’ या विरुद्धार्थी शब्दाशी त्याची जोडी अधिक नेटकी जमते. तरीही निवड करायची झाल्यास ‘पूर्वलक्षी’च घ्यावा, कारण तो वाचकाच्या ओळखीचा आहे, शिवाय ‘भूत’ म्हटले की मराठी माणसाला व्याकरणातल्या काळाआधी पिंपळावरचे भूत आठवते, याला कोणाचा इलाज नाही. निवड कोणतीही असो, एकाच मसुद्यात दोन्ही शब्द येऊ देऊ नयेत. दोन वेगळे शब्द दिसले की कायद्याचा वाचक दोन वेगळे अर्थ शोधू लागतो, आणि वादाच्या वेळी समोरच्या पक्षाचा वकील ते शोधूनही काढतो.

‘पूर्वलक्षी’ म्हणजे नेमके काय

खऱ्या अर्थाने पूर्वलक्षी असलेली तरतूद घडून गेलेल्या गोष्टीचा कायदेशीर परिणाम बदलते. २०१२ च्या वित्त अधिनियमाइतके याचे ठळक उदाहरण दुसरे नसेल. व्होडाफोनने २००७ मध्ये हचिसनचा भारतातील दूरसंचार व्यवसाय परदेशी कंपनीच्या समभागांच्या खरेदीतून ताब्यात घेतला. या व्यवहारावर भारतात कर लागू शकतो, असे मुंबई उच्च न्यायालयाने २०१० मध्ये म्हटले. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१२ मध्ये ते अमान्य केले. त्यानंतर काही महिन्यांतच संसदेने आयकर कायद्याच्या कलम ९ मध्ये स्पष्टीकरण घातले आणि ते १ एप्रिल १९६२ पासून अस्तित्वात होते असे मानले जाईल, अशी तजवीज केली. म्हणजे २००७ साली व्यवहार करणाऱ्यासमोर जो मजकूर नव्हता, तो त्या वेळीही कायद्यात होता असे ठरले. पुढे २०२१ च्या दुरुस्तीने अशा जुन्या व्यवहारांवरील मागणी मागे घेण्यात आली आणि वसूल केलेली रक्कम व्याजाविना परत करण्याची तरतूद झाली.

अशी दुरुस्ती अनेकदा ‘शंकानिरसनार्थ’ या साध्यासुध्या शब्दाचा वेश घेऊन येते, हे अनुवादकाने विसरू नये. मूळ मजकुरात ‘पूर्वलक्षी’ हा शब्द नसतो. ‘नेहमीच होते असे मानण्यात येईल’ एवढेच असते. तेथे आपल्या पदरचे ‘पूर्वलक्षी’ घालण्याऐवजी वाक्य आहे तसे उतरवावे. बातमी लिहिणाऱ्याने मात्र तो शब्द निःसंकोच वापरावा, कारण वाचकाला परिणाम कळायला हवा.

‘पूर्वलक्षी’ लिहिण्याचा अधिकार प्रत्येकाला नसतो, हीदेखील निवडीतली महत्त्वाची बाब आहे. विधिमंडळ आणि संसद पूर्वलक्षी कायदा करू शकतात, पण फौजदारी बाबतीत संविधानाचा अनुच्छेद २० आड येतो: कृत्य घडले तेव्हा जो अपराध नव्हता त्यासाठी दोषी ठरवता येत नाही, आणि त्या वेळी देता आली असती त्याहून मोठी शिक्षाही देता येत नाही. शिक्षा सौम्य करणाऱ्या तरतुदीचा लाभ मात्र आधीच्या आरोपीला मिळू शकतो. नियम किंवा अधिसूचना काढणाऱ्या प्राधिकाऱ्याला मूळ अधिनियमाने तसा अधिकार दिलेला असेल, तरच त्याचा नियम मागे जाऊ शकतो. अनुच्छेद ३०९ च्या परंतुकाखालील सेवानियम पूर्वलक्षी प्रभावाने करता येतात, परंतु कर्मचाऱ्याच्या पदरात पडलेला हक्क त्या मार्गाने काढून घेता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये रेल्वे कर्मचाऱ्यांच्या निवृत्तिवेतनाच्या प्रकरणात सांगितले आहे. म्हणून एखाद्या साध्या कार्यालयीन आदेशात ‘पूर्वलक्षी प्रभावाने वसुली करण्यात यावी’ असे वाक्य दिसले, तर भाषेची शंका नंतर घ्यावी. आधी अधिकाराची घ्यावी.

जिथे मराठी अडते: मुलींच्या वारसाहक्काचा निकाल

इंग्रजीत या अर्थाचे दोन शब्द आहेत, रेट्रोस्पेक्टिव्ह आणि रेट्रोअ‍ॅक्टिव्ह. रोजच्या वापरात ते एकमेकांच्या जागी येतात. भारतीय आणि ब्रिटिश कायद्याच्या लिखाणात पहिला अधिक, अमेरिकेत दुसरा अधिक, इतकाच फरक. मराठीत दोन्हींना ‘पूर्वलक्षी’ म्हणून बहुतेक वेळा निभावते. जेथे निभावत नाही, असे एक प्रकरण महाराष्ट्रातील घराघरांशी निगडित आहे.

हिंदू उत्तराधिकार अधिनियमाच्या कलम ६ मध्ये ९ सप्टेंबर २००५ पासून दुरुस्ती झाली आणि मुलगी मुलाप्रमाणेच जन्मतः सहदायाद, म्हणजे एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेत जन्माने हक्क असलेली, ठरली. महाराष्ट्राने असा हक्क २२ जून १९९४ पासून आधीच दिला होता, पण त्या दिवसापूर्वी लग्न झालेल्या मुलींना वगळून. प्रश्न असा पडला की २००५ पूर्वी जन्मलेल्या, लग्न झालेल्या किंवा वडील वारलेल्या मुलीला केंद्रीय दुरुस्तीचा लाभ मिळतो का. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१४ मध्ये या दुरुस्तीसाठी रेट्रोअ‍ॅक्टिव्ह हा शब्द वापरला. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये फुलवती प्रकरणात दुरुस्ती भविष्यलक्षी मानून ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात असण्याची अट घातली. शेवटी ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ती अट काढून टाकली.

त्या निकालातील विवेचन तीन शब्दांवर उभे आहे. भविष्यलक्षी कायदा अमलात आल्याच्या दिवसापासून नवे हक्क देतो. पूर्वलक्षी कायदा मागे जाऊन आधी प्रस्थापित झालेल्या हक्कांना धक्का लावतो. तिसरा प्रकार, म्हणजे रेट्रोअ‍ॅक्टिव्ह, पुढेच चालतो, पण त्याचा आधार आधी घडलेली घटना असते. कलम ६ या तिसऱ्या प्रकारात मोडते: घटना आहे मुलीचा जन्म, तो कधीचाही असो, हक्क बजावता येतो ९ सप्टेंबर २००५ पासून, आणि २० डिसेंबर २००४ पूर्वी कायदेशीर रीतीने झालेल्या वाटण्या व विक्रीव्यवहार अबाधित राहतात.

आता दोन्ही इंग्रजी शब्दांना ‘पूर्वलक्षी’ म्हणून याचा अनुवाद करून पाहावा. ‘पूर्वलक्षी कायदा पूर्वलक्षी रीतीने लागू होत नाही’ असे वाक्य तयार होते आणि वाचक अनुवादकाच्या नावाने बोटे मोडतो. येथे नवा संस्कृत शब्द घडवण्याचा मोह आवरावा. माझ्या मते ‘पूर्वघटनेवर आधारित, परंतु पुढे लागू होणारा’ असा पूर्ण खुलासा पहिल्या उल्लेखात द्यावा आणि नंतर ‘पूर्वघटनाधारित’ हा आखूड प्रयोग चालवावा. तो लांब आहे, पण संदिग्ध नाही. अशा निकालाची बातमी देताना ‘मुलींना पूर्वलक्षी प्रभावाने हक्क’ हा मथळा टाळावा, कारण १९९८ मध्ये रीतसर वाटणी झालेल्या घरातही तो नाहक आशा किंवा धास्ती निर्माण करतो.

हाच भेद न्यायालयांनी फार पूर्वीपासून पाळला आहे. जुन्या मुंबई राज्यातील एका तडीपारीच्या प्रकरणात आरोपीची शिक्षा १९४९ ची होती आणि तडीपारीचा आदेश १९५१ च्या मुंबई पोलीस अधिनियमाखाली निघाला होता. अधिनियम लागू होण्यापूर्वीची शिक्षा आधाराला घेतली म्हणून कायदा पूर्वलक्षी ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६० मध्ये म्हटले.

‘कार्योत्तर’

काम आधी झाले आणि मंजुरी मागाहून दिली, तर ती कार्योत्तर मंजुरी. निविदेविना तातडीने केलेली पंपदुरुस्ती, ठराव होण्यापूर्वी दिलेली आगाऊ रक्कम, परवानगीआधी झालेला प्रवास ही तिची नेहमीची क्षेत्रे. ‘पूर्वलक्षी मंजुरी’ असेही कधी लिहिले जाते, पण त्यात एक कबुली हरवते. ‘कार्योत्तर’ म्हणताच मंजुरी वेळेवर घेतली नव्हती हे मान्य केले जाते, आणि लेखापरीक्षकाला तेच हवे असते. कायद्याने ‘पूर्वमान्यता’ मागितलेली असेल, तर कार्योत्तर मान्यता सर्वसाधारणपणे पुरत नाही. पर्यावरणविषयक मंजुरीच्या बाबतीत हा वाद अजून ताजा आहे. मुंबईच्या वनशक्ती या संस्थेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने मे २०२५ मध्ये कार्योत्तर पर्यावरण मंजुरीला मज्जाव केला आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये दोन विरुद्ध एक अशा बहुमताने तो निकाल मागे घेतला. या बातम्यांत ‘पूर्वलक्षी मंजुरी’ लिहिणे अर्थाच्या दृष्टीने चुकीचे नाही, पण ‘कार्योत्तर’ अधिक नेमके आहे.

‘मानीव दिनांक’

हा शब्द सेवाविषयक बाबींतला. कनिष्ठाला २०१७ मध्ये पदोन्नती मिळाली, ज्येष्ठाची चुकून राहिली आणि ती २०२० मध्ये दिली गेली, तर ज्येष्ठाला कनिष्ठाच्या पदोन्नतीचा दिनांक मानीव म्हणून देतात. त्याची ज्येष्ठता त्या दिवसापासून धरली जाते आणि वेतननिश्चितीही काल्पनिकरीत्या त्या दिवसापासून होते. प्रत्यक्ष लाभ बहुधा कार्यभार स्वीकारल्यापासूनच मिळतो. पैशाचा प्रश्न येथेच असतो. याउलट सातव्या वेतन आयोगानुसार राज्य कर्मचाऱ्यांसाठी जे सुधारित वेतन नियम ३० जानेवारी २०१९ च्या अधिसूचनेने आले, ते १ जानेवारी २०१६ पासून लागू झाले आणि मधल्या तीन वर्षांची थकबाकी पाच वार्षिक हप्त्यांत देण्याचे ठरले. ते पूर्वलक्षी होते. आदेशात ‘पूर्वलक्षी प्रभावाने पदोन्नती’ असे लिहिले आणि थकबाकीबद्दल अवाक्षर काढले नाही, तर कर्मचारी थकबाकी मागणारच, आणि त्याच्या मागणीला आदेशाची भाषाच आधार देईल. ज्याला फक्त ज्येष्ठता द्यायची आहे त्याने ‘मानीव’ लिहावे. ज्याला पैसेही द्यायचे आहेत त्याने ‘पूर्वलक्षी’ लिहून थकबाकीची रीत त्याच परिच्छेदात सांगावी.

‘मागची तारीख टाकणे’

या प्रयोगाला औपचारिक मसुद्यात जागा नाही. आज सही करून कागदावर गेल्या महिन्याची तारीख घालणे म्हणजे दस्तऐवजाबद्दल खोटे बोलणे. पूर्वलक्षी आदेशावर निघाल्याची तारीख खरी असते आणि अमलाची तारीख वेगळी, पण उघडपणे लिहिलेली असते. ‘मागील तारखेने आदेश काढला’ असे बोलताना अनेक जण पूर्वलक्षी आदेशच सांगत असतात. लेखी मात्र तसे म्हटले, तर आरोप केल्यासारखे होते.

साध्या ठरावात काय लिहावे

बहुसंख्य वाचकांवर हा प्रसंग सोसायटीच्या सभेत येतो. सप्टेंबरच्या शेवटी वार्षिक सर्वसाधारण सभा भरते, मेंटेनन्स वाढवण्याचा विषय निघतो आणि इतिवृत्तात लिहिले जाते: ‘मासिक आकारणी पूर्वलक्षी प्रभावाने वाढवण्यात येत आहे.’ या वाक्यात तारीख नाही, मधल्या महिन्यांच्या फरकाचे काय ते नाही, आणि ज्याने एप्रिलपासूनची बिले भरून पावती घेतली आहे त्याला काहीच कळत नाही. याऐवजी ‘मासिक आकारणी १ ऑक्टोबरपासून वाढवण्यात येत आहे, एप्रिल ते सप्टेंबर या काळातील फरक आकारला जाणार नाही’ किंवा, उपविधी तशी मुभा देत असतील तर, ‘१ एप्रिलपासून वाढवण्यात येत आहे, मागील सहा महिन्यांचा फरक पुढील तीन बिलांत समान हप्त्यांनी, व्याजाविना घेतला जाईल’ असे लिहावे. दोन्हींपैकी एकाही मसुद्यात ‘पूर्वलक्षी’ हा शब्द आलेला नाही आणि त्यावाचून काही अडलेलेही नाही. ज्याला तो ठेवायचाच आहे त्याने ‘दिनांक १ एप्रिलपासून, पूर्वलक्षी प्रभावाने’ अशी तारीख आधी लिहावी.