गेमचे सेव्ह दोन-तीन मशीनवर: क्लाउड ड्राइव्ह की सिंकथिंग?

घरी कोल्हापुरात मंगळवार पेठेत डेस्कटॉप, पुण्यात हॉस्टेलवर लॅपटॉप आणि खिशात अँड्रॉइड फोन. गेम एकच, पण तिन्हीकडे वेगवेगळ्या टप्प्यावर. अशी अवस्था असेल तर मार्ग दोनच उरतात: सेव्हचं, म्हणजे खेळ कुठवर आला ते जपणाऱ्या फाइलींचं, फोल्डर एखाद्या क्लाउड ड्राइव्हमध्ये ठेवायचं, नाहीतर सिंकथिंग, म्हणजे मशीनवरची फोल्डरं एकमेकांशी थेट जुळवून ठेवणारं सॉफ्टवेअर, लावायचं. दोन्ही चालतात. पण दोन्ही सारखेच चालतात असं मात्र मला वाटत नाही.

त्याआधी स्टीमचं, म्हणजे पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानाचं, उरकून घेऊ. गेमच्या स्टोअर पानावर ‘स्टीम क्लाउड’ लिहिलेलं असेल तर पुढचं काही करू नका. गेम उघडण्याआधी स्टीम सर्व्हरकडे चौकशी करतं, नवा सेव्ह असला तर आधी उतरवून घेतं आणि दोन्हीकडे वेगळं खेळलं गेलं असेल तर तारखा दाखवून ‘कुठला ठेवू?’ म्हणून विचारतं. गेम उघडण्याआधीचा हा दरवान पुढच्या दोन्ही पर्यायांत नाही. जीओजी गॅलेक्सी आणि एपिक या तशाच दुकानांतही निवडक गेमना अशीच सोय आहे. पथ्य एकच: स्टीम सांभाळतंय ते फोल्डर दुसऱ्या कुठल्या सिंकच्या हवाली करू नका. दोघं एकाच फाइलवर हात टाकतात आणि मग कुठला सेव्ह कुणी आणला हे शोधत बसावं लागतं.

खरी अडचण उरलेल्यांची. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीतली जगं, रेट्रोआर्क आणि पीपीएसएसपीपी यांसारखे एम्युलेटर (जुन्या कन्सोलचे गेम चालवणारी अ‍ॅप), स्टीमबाहेरून घेतलेले जुने गेम.

क्लाउड ड्राइव्हची बाजू आधी, कारण बहुतेकांकडे ते आधीच असतं. गूगलची १५ जीबी (जीमेल आणि फोटो धरून), वनड्राइव्हची ५ आणि ड्रॉपबॉक्सची २ जीबी फुकट मिळते. सेव्हना एवढी जागा पुरून उरते. मोठा फायदा म्हणजे दोन्ही मशीन एकाच वेळी चालू असावी लागत नाहीत. रात्री कोल्हापुरात खेळा, पीसी बंद करा, सकाळी पुण्यात लॅपटॉप उघडा. सर्व्हर मधे जागाच असतो. सिंकथिंगला हे एकट्याने जमत नाही, ते पुढे येईलच.

लावायची रीत अशी. बरेच गेम सेव्हची जागा बदलू देत नाहीत आणि ड्राइव्हला मात्र सगळं स्वतःच्या फोल्डरात हवं असतं. म्हणून सेव्हचं खरं फोल्डर ड्राइव्हमध्ये हलवायचं आणि गेमच्या मूळ जागी त्याच नावाचं जंक्शन, म्हणजे खऱ्या फोल्डरकडे बोट दाखवणारी लिंक, ठेवायचं. विंडोजच्या कमांड प्रॉम्प्टमध्ये ‘एमकेलिंक’ला ‘जे’ स्विच देऊन ते होतं, अ‍ॅडमिन लागत नाही. उलटं करू नका: खरं फोल्डर बाहेर आणि ड्राइव्हमध्ये नुसती लिंक, हे ड्रॉपबॉक्स मानत नाही. गूगल ड्राइव्हमध्ये ‘माय ड्राइव्ह’ला मिरर मोड द्या, म्हणजे फाइली पीसीवरही पूर्ण राहतील. ‘माय कॉम्प्युटर’खाली जोडलेलं फोल्डर वर जातं खरं, पण दुसऱ्या पीसीवर फोल्डर म्हणून उतरत नाही. वनड्राइव्हने डॉक्युमेंट्सचा बॅकअप घ्यायला सुरुवात केली असेल, तर ‘माय गेम्स’मध्ये सेव्ह टाकणारे जुने गेम तुमच्या नकळत आधीच सिंक होत असतील. एकदा बघून घ्या.

आता ज्या त्रासाने माझा काटा सिंकथिंगकडे झुकला तो. घरातली दोन मशीन एकाच टेबलावर असली तरी सेव्ह आधी घराबाहेर सर्व्हरवर जातो आणि तिथून परत येतो. मधलं नेट गेलं की सगळं गप्प. गप्प म्हणजे खरंच गप्प: गेमला काही कळत नाही, तो हातात असलेला जुना सेव्ह आनंदाने उघडतो आणि अर्ध्या तासाने त्यावरच ऑटोसेव्ह मारतो. नेट आलं की दोन वेगळे सेव्ह समोरासमोर येतात आणि एकाला ‘कॉन्फ्लिक्टेड कॉपी’ किंवा मशीनच्या नावाची शेपटी लागते. ते नाव गेम ओळखत नाही, त्यामुळे पडद्यावर एकच सेव्ह दिसतो. तो तुमचाच असेल याची खात्री नाही.

फाइल ‘ऑनलाइन-ओन्ली’ असेल तर आणखी वाईट. जागा वाचवायला ड्राइव्ह फाइलचं फक्त नाव ठेवतो, आतला मजकूर उघडताना मागवतो. नेट नसताना गेमने ती उघडायला घेतली की वाचनाची चूक येते. काही गेम यावर सरळ थांबतात, पण काही ‘सेव्ह सापडला नाही’ असं समजून नवा कोरा सेव्ह बनवतात. तो कोरा सेव्ह तारखेने सगळ्यात ताजा असतो. पुढे काय होतं ते सांगायला नको. फोल्डरवर राइट-क्लिक करून ‘ऑलवेज कीप ऑन धिस डिव्हाइस’ केलं की हे टळतं हे मान्य, पण ते प्रत्येक मशीनवर आठवणीने करावं लागतं आणि विंडोज नव्याने टाकलं की परत.

कोल्हापुरात पावसाळ्यात वारा सुटला, लाइट गेली, कुठं खोदकामात केबल तुटली की नेट जातं, हे काही नवं नाही. जिथं नेट कधीच जात नाही अशा ठिकाणी राहणाऱ्याला कदाचित हा त्रास त्रास वाटणारही नाही.

सिंकथिंगमध्ये सेव्ह साठवून ठेवणारा मधला सर्व्हर नाही. मशीन एकमेकांशी थेट बोलतात. एकाच राउटरवर असतील तर बाहेरचं नेट पूर्ण बंद असतानाही सेव्ह इकडून तिकडे जातो. वायफाय चालू असलं म्हणजे झालं. राउटर आणि फायबरच्या डबीला १२ व्होल्टचा छोटा यूपीएस लावला की लाइट गेल्यावरही लॅपटॉप आणि फोन यांचं चालू राहतं. घेताना दोन्हींच्या अ‍ॅडॅप्टरवरचे व्होल्ट आणि अँपिअर वाचून घ्या, सगळे १२ व्होल्टचे नसतात. बदल टिपल्यावर सिंकथिंग साधारण १० सेकंद थांबतं आणि मग पाठवतं. मोजमाप केलेलं नाही, पण घरच्या वायफायवर साधा सेव्ह खुर्ची बदलेपर्यंत पोचलेला असतो.

गावं वेगळी असली तरी चालतं. आपल्याकडच्या बहुतेक ब्रॉडबँडवर आणि मोबाइल डेटावर स्वतःचा सार्वजनिक आयपी, म्हणजे बाहेरून थेट गाठता येईल असा पत्ता, मिळत नाही. थेट जोडणी जमली नाही की सिंकथिंग रिले सर्व्हरमार्फत, म्हणजे काही न साठवता नुसतं पुढे पोचवणाऱ्या सर्व्हरमार्फत, जातं. ते हळू असतं, पण सेव्ह काही केबी-एमबीचे, त्यामुळे जाणवत नाही. मजकूर मशीनमध्येच कुलूपबंद होऊन निघतो, रिलेवाल्याला तो दिसत नाही. हॉस्टेलच्या किंवा ऑफिसच्या वायफायवर मात्र दोन यंत्रांना एकमेकांशी बोलायला बऱ्याचदा बंदी असते. राउटरच्या ‘गेस्ट’ नेटवर्कवरही तेच. तिथं शेजारी बसूनही रिलेनेच जावं लागतं.

माइनक्राफ्टसारख्या मोठ्या जगाला आणखी एक फायदा: फाइलचे फक्त बदललेले तुकडे जातात, अख्खी फाइल नाही. पण गेम चालू असताना ते जग दुसरीकडे उघडू नका. रीजन फाइल (जगाचा एकेक भाग साठवणारी) अर्धी नवी, अर्धी जुनी अशी पोचली तर जगाचे तुकडे पडतात, आणि यात क्लाउड ड्राइव्हसुद्धा वाचवत नाही. एकीकडे गेम बंद करायचा, सिंकथिंगच्या पानावर ‘अप टू डेट’ दिसू द्यायचं, मगच दुसरीकडे उघडायचा. लॅपटॉपचं झाकणही तोवर मिटायचं नाही.

आता सिंकथिंगची उणी बाजू. दोन्ही मशीन एकाच वेळी जागी हवीत. घरचा पीसी बंद करून पुण्याला गेलात तर तिथं काहीच पोचणार नाही. हा दोष छोटा नाही, आणि पुष्कळ जण इथेच सोडून देतात. उपाय असा की कायम चालू असणारं तिसरं यंत्र मधे ठेवायचं. कपाटात पडलेला जुना अँड्रॉइड फोन पुरतो, चार्जर लावून राउटरशेजारी ठेवायचा. अँड्रॉइडवरचं अधिकृत अ‍ॅप डिसेंबर २०२४ मध्ये थांबलं, त्यामुळे एफ-ड्रॉइड या अ‍ॅपच्या दुकानातून ‘सिंकथिंग-फोर्क’ घ्या. बॅटरी ऑप्टिमायझेशन त्या अ‍ॅपपुरतं बंद करा आणि ‘ऑटोस्टार्ट’ची परवानगी असेल तर तीही द्या, नाहीतर काही फोन रात्रीत अ‍ॅप मारून टाकतात. फोल्डर फोनच्या अंतर्गत मेमरीतच ठेवा. मेमरी कार्डावर लिहायला अँड्रॉइड बऱ्याचदा अ‍ॅपला मोकळीक देत नाही. बॅटरी फुगलेली असेल तर तो फोन या कामाला लावू नका.

या फोनवर फोल्डरचा प्रकार ‘रिसीव्ह ओन्ली’ करा. त्याच्याकडे आलेलं तो पुढे वाटतो, पण स्वतः केलेले बदल पसरवत नाही. आणि फाइल व्हर्जनिंगही (फाइलींच्या जुन्या प्रती जपणं) इथेच ‘स्टॅगर्ड’ लावा. यामागे कारण आहे: सिंकथिंग जुनी प्रत तेव्हाच ठेवतं जेव्हा बदल दुसऱ्या यंत्राकडून येतो. ज्या पीसीवर तुम्ही खेळता तिथल्या तिथं पुसलं गेलेलं तो पीसी जपत नाही. मधल्या फोनकडे मात्र सगळेच बदल बाहेरून येतात, म्हणून सगळ्यांच्या जुन्या प्रती त्याच्याकडे साठतात. पहिल्या तासाला दर ३० सेकंदांची एक, पहिल्या दिवसाला दर तासाची, पहिल्या ३० दिवसांना दर दिवसाची, पुढे आठवड्याची. सेव्ह बिघडला तर परत मागे जायला एवढं खूप झालं.

पहिल्यांदा जोडताना घाई नको. सगळीकडच्या सेव्हची झिप करून बाजूला ठेवा. योग्य सेव्ह ज्या मशीनवर आहे तिथं फोल्डर ‘सेंड ओन्ली’ आणि बाकीच्यांवर रिकामं फोल्डर ‘रिसीव्ह ओन्ली’ असं सुरू करा. सगळं पोचलं की खेळायच्या मशीनवर ‘सेंड अँड रिसीव्ह’ करा. फोल्डरचा आयडी सगळीकडे एकच हवा, जागा वेगळी असली तरी चालते. त्यामुळे जंक्शनची भानगडच उरत नाही, गेमचं मूळ फोल्डरच थेट जोडता येतं. स्टीम डेकवर (स्टीमचं हातात धरून खेळायचं लिनक्सवालं यंत्र) विंडोजचे गेम सेव्ह कुठं टाकतात ते ‘कॉम्पॅटडेटा’ फोल्डरात गेमच्या क्रमांकाखाली सापडेल. लिनक्सवर गूगल ड्राइव्ह आणि वनड्राइव्हचं अधिकृत अ‍ॅप नाही, हेही डेकवाल्यांनी लक्षात घ्यावं. ग्राफिक्सची सेटिंग फाइल सेव्हच्याच फोल्डरात असेल तर ती ‘इग्नोर पॅटर्न्स’मध्ये, म्हणजे सिंक न करायच्या फाइलींच्या यादीत, टाका, नाहीतर पीसीचं रिझोल्यूशन डेकवर जाऊन बसेल. ही यादी प्रत्येक यंत्रावर वेगळी द्यावी लागते, ती आपोआप सिंक होत नाही.

घड्याळाकडे कुणी बघत नाही आणि नेमकं तिथंच फसायला होतं. एकाच सेव्हच्या दोन आवृत्त्या भिडल्या की सिंकथिंग नव्या तारखेची ठेवतं आणि दुसरीला ‘सिंक-कॉन्फ्लिक्ट’ नाव देऊन बाजूला करतं. जुन्या असेंबल्ड पीसीतला, घड्याळ चालू ठेवणारा सीआर २०३२ सेल संपला असेल, तर मशीन कित्येक वर्षं मागच्या तारखेला उठतं आणि त्याचा खरा ताजा सेव्ह हरतो. विंडोज आणि लिनक्स दोन्ही टाकलेल्या मशीनवर घड्याळ साडेपाच तास इकडेतिकडे होतं, कारण एक मदरबोर्डच्या घड्याळाला स्थानिक वेळ समजतं आणि दुसरं यूटीसी, म्हणजे जागतिक प्रमाणवेळ. सेल बदला, वेळ नेटवरून आपोआप घ्यायला लावा. क्लाउड ड्राइव्हवालेही यातून पूर्ण सुटत नाहीत.

फोनवर खेळणाऱ्यांसाठी फरक सगळ्यात मोठा. गूगल ड्राइव्हचं अँड्रॉइड अ‍ॅप फोल्डर दोन्ही बाजूंनी सिंक करत नाही, त्याला आणखी एखादं अ‍ॅप जोडावं लागतं. सिंकथिंग थेट करतं. रेट्रोआर्कचे ‘सेव्ह्स’ आणि पीपीएसएसपीपीचं ‘सेव्हडेटा’ जोडा, एवढंच. रेट्रोआर्कमध्ये ‘सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटरव्हल’ बंद असेल तर ते १० सेकंदांवर ठेवा, नाहीतर गेम नीट बंद करेपर्यंत सेव्ह डिस्कवर उतरतच नाही आणि सिंक व्हायला काही उरत नाही. सेव्ह-स्टेट (एम्युलेटरने खेळ जिथल्या तिथं गोठवून ठेवलेली प्रत) मात्र सिंकच्या भरवशावर ठेवू नका. कोअरची, म्हणजे रेट्रोआर्कमधल्या त्या-त्या कन्सोलच्या एम्युलेटरची, आवृत्ती वेगळी असली की ती दुसऱ्या यंत्रावर उघडेलच असं नाही. गेमच्या आतला सेव्ह चालतो. अँड्रॉइड ११ पासून इतर अ‍ॅपच्या ‘अँड्रॉइड/डेटा’ फोल्डरात शिरता येत नाही, म्हणून तिथं सेव्ह टाकणारे मोबाइल गेम दोन्ही पर्यायांच्या आवाक्याबाहेर आहेत.

तेव्हा एकच पीसी आणि एकच लॅपटॉप, दोन्ही विंडोज, नेट भरवशाचं आणि सेटिंगात शिरायचा कंटाळा असेल, तर क्लाउड ड्राइव्ह लावा, ‘ऑलवेज कीप’ करा आणि खेळा. त्यात काही वाईट नाही. जुना फोन घरात पडलेला असेल आणि एक दुपार घालवायची तयारी असेल, तर मी सिंकथिंगच सुचवेन. यादीत आयफोन असेल तर मात्र आधी नीट विचार करा: तिथं सिंकथिंगचं अधिकृत अ‍ॅप नाही, दुसऱ्यांनी बनवलेलं ‘मोबियस सिंक’ आहे, आणि आयओएस ते मागे फार वेळ चालू देत नाही, म्हणजे खेळायच्या आधी आणि नंतर ते हाताने उघडावं लागतं.