लग्न रिन्यूअल सेवा: पाचपैकी तीन स्टार

लग्नाचं लायसन्स दर पाच वर्षांनी रिन्यू करायचा नियम आल्यापासून आमची ही दुसरी वेळ, आणि मनापासून सांगते, मागच्यापेक्षा बरंच सुधारलंय. टोकन घेतलं की पटकन नंबर येतो, काउंटरवरच्या ताई नीट ऐकून घेतात. पण तो भांडणांचा फॉर्म! प्रत्येक भांडणाची तारीख, कारण, आधी कोण बोललं, सगळं लिहायचं आणि रकाना एवढुसा, आमचं ओल्या टॉवेलचं भांडण त्यात मावलंच नाही, पुरवणी जोडावी लागली, तिच्यावर दोघांच्या सह्या, मग आधी सही कोणी करायची यावरून तिथेच नवीन भांडण, म्हणजे परत नोंद!! दोन स्टार त्याचेच कापलेत.

तसं सरकारनं जोड्या जुळवणं जुनंच आहे, सिंगापूरनं १९८४ मध्ये पदवीधरांसाठी खास विभाग काढलेला, टोकियोच्या सरकारी ॲपनं २०२४ मध्ये अविवाहित असल्याचा दाखला मागितला, पण लग्न टिकतंय का हे विचारायला कोण येत होतं? इथे साहेबांनी सरळ विचारलं, "चालू ठेवायचं ना?" आणि ह्यांनी माझ्याआधी हो म्हटलं, डोळ्यात पाणीच आलं माझ्या.

रकाना तेवढा मोठा करा प्लीज.